समजा, पाणी क्ष लिटर

आबांनी हौसाक्कांच्या दुधाची काचनळी खिडकीच्या उजेडाकडे धरली, निरखली, परत गरम पाण्यात बुडवली आणि दुसऱ्यांदा काढून पाहिली. आतला पिवळा थर तिथेच होता.

"पाच पॉइंट सहा," ते म्हणाले. "आक्का, मागल्या मंगळवारी सात होती तुमची फॅट."

हौसाक्का रिकामी किटली पदराआड धरून उभ्या होत्या. मागे रांगेत सात-आठ जण होते.

आबा, माझे वडील, गावच्या दूध संस्थेचे सचिव होते. दुधाचा भाव फॅटवर ठरायचा, म्हणून दर मंगळवारी प्रत्येक सभासदाच्या दुधाचा नमुना ॲसिडबरोबर काचनळीत घालून यंत्रात गरगरा फिरवला जायचा. स्निग्धांश वर येऊन थांबायचा आणि नळीवरच्या रेघांवर त्याचा आकडा वाचता यायचा. मी तेव्हा आठवीत होते. शाळेआधी नळ्या धुण्याचं काम माझ्याकडे होतं. पुढे सगळी नोकरी अन्नतपासणीच्या प्रयोगशाळेत गेली, पण काचेवरच्या रेघा वाचायला मी शिकले ते त्या खोलीत, आबांच्या कोपराखालून डोकावून.

नेमके तेव्हाच चेअरमन आत आले. रावसाहेब खोत. ते हौसाक्कांचे धाकटे दीर. थोरले खोत, हौसाक्कांचे नवरे, वारले, शेताची वाटणी झाली, आणि वाटणीत मागच्या अंगणात भिंत उठली. तेव्हापासून तीन वर्षं दोन्ही घरांत बोलणं नव्हतं. समोरासमोर आलेच तर चेअरमन तिसऱ्या माणसाच्या तोंडून बोलत.

"सचिव, वैनींना विचारा," ते आकडा पाहून म्हणाले. "पाणी विहिरीचं का नळाचं?"

"माझ्या हातनं दुधात पाणी पडलं न्हाई," हौसाक्का आबांकडे बघून म्हणाल्या.

"मग काय पडलं, ते विचारा."

यावर हौसाक्कांनी मान खाली घातली.

"मागल्या बुधवारी यांचं रेडकू मेलं," चेअरमन आता रांगेला सांगू लागले. "रेडकू मेलं की म्हस दूध चोरती, पान्हा सोडत न्हाई. शेंबड्या पोराला ठावं हाय. आणि वैनींचं दूध बघा, रोज पाचच्या पाच लिटर. कमी न्हाई, जास्त न्हाई."

पाच लिटरचं कारण सगळ्यांना माहीत होतं. नवऱ्याच्या मागे संस्थेत दूध घालायचं कार्ड हौसाक्कांनी स्वतःच्या नावावर मागितलं, तेव्हा कमिटीने अट घातली होती: वर्षभर सकाळचं दूध पाच लिटरच्या खाली येता कामा नये, तरच मार्चअखेर कार्ड कायम. बाईमाणसाला म्हैस सांभाळता येते का, हे बघायचं होतं म्हणे. ते वर्ष संपायला तीन आठवडे उरले होते. आणि दुधात पाणी सापडलं तर नियम सरळ होता. कार्ड बंद, आणि दारावरच्या फळ्यावर नाव.

"लॅक्टोमीटर लावा की," रांगेतून कुणीतरी म्हणालं. "लगेच कळंल."

"पंधरा दिवस झाले तो फुटून," आबा म्हणाले. "तालुक्याला मागणी केलीया."

"किटली धुताना राहिलं असंल वंजळभर. सोडा की."

"व्हय, वंजळभर पाण्यानं कुणी लखपती हुतं काय?"

रांगेला घाई होती, आणि हौसाक्कांशी वैर कुणाचंच नव्हतं. प्रकरण तिथेच मिटलं असतं. पण आबांनी माझ्याकडे पाहिलं. पुढे कितीदा तरी मला वाटलं, तेव्हा त्यांना माझी हुशारी मिरवायची नव्हती, हौसाक्कांना वाचवायचं होतं. त्यांचा अंदाज पावशेराचा असणार.

"वैजू, तुमच्या पुस्तकात असतंय न्हवं दूध-पाण्याचं गणित? काढ बघू. किती पाणी?"

मला तो प्रश्न फार सोपा वाटला. आठवड्याभरापूर्वीच शाब्दिक उदाहरणांचा धडा झाला होता, आणि वर्गात सगळ्यांआधी माझा हात वर होत असे. मी दाराचा फळा ओल्या फडक्याने पुसला आणि खडू घेतला.

"समजा, पाणी क्ष लिटर," मी मोठ्याने म्हणाले. शाळेत तशीच सवय होती. "म्हणजे निव्वळ दूध पाच वजा क्ष. त्याची फॅट सात. सगळ्या पाच लिटरची पाच पॉइंट सहा."

आणि खाली लिहिलं:

७ × (५ − क्ष) = ५.६ × ५
३५ − ७क्ष = २८
क्ष = १

"एक लिटर," मी म्हणाले.

उत्तर पूर्णांकात आलं याचा मला आनंद झाला होता. मी वळले तर रांगेतल्या माणसांचे चेहरे बदललेले होते. थोडंसं पाणी म्हटल्यावर सगळे सोडून द्यायला तयार होते. नेमकं एक लिटर म्हटल्यावर कुणाला शंकाच उरली नाही.

"ऐकलं?" चेअरमन म्हणाले. "पुस्तकातनं निघालं. आता रविवारच्या मीटिंगात कमिटी काय ते ठरवंल."

हौसाक्कांनी फळ्याकडे पाहिलं. त्यांना वाचता येत नव्हतं. मग माझ्याकडे पाहिलं, रागाने नाही, आणि किटली घेऊन निघून गेल्या.

त्या आठवड्यात चौगुले बाईंनी गृहपाठ दिला होता: घरातलं, शेतातलं एक शाब्दिक उदाहरण स्वतः तयार करा आणि समीकरण मांडून सोडवा. मी अर्थातच दुधाचं लिहिलं. गुरुवारी बाई माझी वही तपासताना थांबल्या.

"छान मांडलंयस. हे खरं घडलंय की रचलंयस?"

"खरं घडलंय बाई. मी पकडलं."

"कुणाला?"

मी नाव सांगितलं. वर्गात कुजबूज झाली. बाई कोकणातल्या, आमच्या गावात नव्या होत्या. त्यांनी लाल पेन बंद केलं.

"पहिली ओळ वाच."

"समजा, पाणी क्ष लिटर."

"हे कुठून आणलंस?"

मला प्रश्नच कळला नाही. "मिसळलेलं पाणीच असतं ना बाई. दूध-पाण्याचं उदाहरण आहे."

"पुस्तकात असतं. पुस्तकात तसं लिहून दिलेलं असतं, म्हणून तू ते धरतेस. इथे कुणी लिहून दिलं होतं?"

मी ती ओळ पुन्हा वाचली.

"समीकरण तुला एवढंच सांगतं की, जर पाणी असेल, तर ते एक लिटर. ते पाणी आहे की नाही, हे त्याला माहीत नसतं. ते तू घातलंस. आता सांग, पाण्याशिवाय आणखी काय मिसळलं तर फॅट उतरेल?"

"साय काढलेलं दूध. ताक." मग माझ्या डोक्यात आलं. "गाईचं दूध."

"गाईच्या दुधाची फॅट किती?"

"साडेतीन."

हा आकडा मला पाठ होता. चेअरमननी वर्षापूर्वी जर्सी गाय आणली होती, गावातली पहिली. तिला हार घालून मिरवलं होतं. तिची फॅट आबांनी काढली, साडेतीन आली, आणि चेअरमननी यंत्र बिघडलंय असं म्हणून ते दूध संस्थेत आणणं बंद केलं. गावात दुभती गाय अजूनही तेवढी एकच होती.

"मग धर क्ष लिटर गाईचं दूध, आणि सोडव."

मी बाकावर बसून दुसऱ्या पानावर लिहिलं.

७ × (५ − क्ष) + ३.५क्ष = २८
३५ − ३.५क्ष = २८
क्ष = २

दोन लिटर. हेही उत्तर पूर्णांकातच आलं.

"आता खरं कुठलं?" मी विचारलं.

"एवढ्या माहितीत नाही सांगता येणार," बाई म्हणाल्या. "त्यासाठी विचारावं लागेल."

शाळा सुटल्यावर मी दप्तर घेऊन तशीच हौसाक्कांच्या गोठ्यात गेले. म्हैस दावणीला होती. तिच्यापुढे पेंढा भरलेलं रेडकाचं कातडं उभं केलेलं होतं, धारेच्या वेळी तिला आपलं पिल्लू आहे असं वाटावं म्हणून. ती त्याच्याकडे बघत नव्हती. हौसाक्का वैरण टाकत होत्या.

"आक्का, मी चुकले."

"कशात?"

"ते पाणी नव्हतं."

त्यांचा हात थांबला नाही. "तुझ्या गणितात व्हतं की."

"मी पाणी धरलं म्हणून आलं. दुसरं धरलं तर दुसरं येतं."

"मग आता काय धरलंस?"

"गाईचं दूध. दोन लिटर."

आता हात थांबला. त्यांनी आधी गोठ्यामागच्या भिंतीकडे पाहिलं, मग दाराकडे.

"कुणी सांगितलं तुला?"

"कुणी नाही. गणितातून आलं."

त्यांनी दार पुढे लोटलं आणि माझ्या अगदी जवळ आल्या. त्यांना घाबरलेलं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. मंगळवारी एवढ्या लोकांसमोर त्या घाबरल्या नव्हत्या.

"तुझ्या गणितात माणसाचं नाव पण येतंय काय गं?"

"नाही. नुसतं किती, ते येतं."

"कुणी दिलं, कवा दिलं?"

"नाही येत."

"मग चांगलं हाय तुझं गणित," त्या म्हणाल्या आणि दावणीच्या कट्ट्यावर टेकल्या.

मग त्यांनीच सांगितलं. मी विचारलं नव्हतं.

"रेडकू गेलं त्या दिवशी इंदा भिंतीपल्याड उभी ऱ्हाऊन बघत हुती. माझी जाऊ गं, चेअरमनची बायको. काय बोलली न्हाई. दुसऱ्या दिवशी पहाटं धार काढायला आलो, तर भिंतीवर चरवी. दोन लिटरची. गाय किती दूध देती ते पिळणारीलाच ठावं. मी वतून घेतलं, चरवी धुऊन परत ठेवली. रोज तसंच चाललंय."

"मग आता तुम्ही दोघी बोलता?"

"न्हाई. बोलणं कुठलं? चरवी तेवढी येती."

"आक्का, मग हे रविवारी सांगा की. गाईचं दूध घालणं म्हणजे काही पाणी घालणं नाही. भाव फॅटवरच मिळतो, संस्थेचं काय बुडतं?"

"काय सांगू? चेअरमनच्या गाईचं दूध चेअरमनच्याच बायकोनं मला दिलं म्हणून?" त्या हसल्या. "त्यानं मुद्दाम पाचाची अट घातली, आणि तिनं ती भरून दिली. हे चावडीवर कळलं तर माझं कार्ड ऱ्हाईल कदाचित. तिचं त्या घरात काय ऱ्हाईल?"

मी भिंतीकडे पाहिलं.

"पाणीच असू दे, वैजू. पाण्याला कुणाचं नाव नसतं."

रविवारी सकाळी संस्थेच्या खोलीत कमिटी बसली. सतरंजीवर पाच माणसं, भिंतीला टेकून हौसाक्का, आणि दाराबाहेर दूध घालायला येणारे बरेच जण. आबा वही उघडून बसले होते. त्यांच्या अक्षरात सगळं लिहून तयार होतं, फक्त ठराव वाचायचा राहिला होता. मला कुणी बोलावलं नव्हतं. मी आबांना डबा द्यायच्या निमित्ताने गेले आणि तिथेच थांबले.

रात्रभर मी ठरवलं होतं, बाईंनी समजावलं तसं सगळ्यांना समजवायचं: पाणी मी धरलं होतं, ते समीकरणातून निघालेलं नाही. हे खरं होतं आणि मला ते नीट सांगता आलं असतं. पण खोलीत उभी राहिले आणि माझ्या लक्षात आलं की यावर पहिला प्रश्न चेअरमनच विचारणार. पाणी न्हाई तर मग काय? तेवढं विचारलं की साय काढलेलं दूध, ताक, आणि तिसरं नाव गाईचं. आणि गावात गाय एकच.

"सचिव, वाचा ठराव," चेअरमन म्हणाले.

"थांबा," मी म्हणाले. आवाज फार बारीक निघाला. "माझं गणित चुकलंय."

सगळ्यांनी वळून पाहिलं. आबांनी पेन खाली ठेवलं.

"काय चुकलंय?" चेअरमननी विचारलं.

"गुणाकार. त्या दिवशी घाईत केला."

"मग बरोबर करून सांग. किती पाणी?"

खडू तिथेच होता, फळाही. मी हातात खडू घेतला, फळ्यापर्यंत गेले आणि परत फिरले.

"मला नाही येत," मी म्हणाले. "त्या दिवशी मी असंच काहीतरी लिहिलं होतं. मला हे गणित येत नाही."

दाराबाहेर कुणीतरी हसलं आणि आतलेही हसले.

"सचिव, ही तुमची हुशार पोरगी," एक कमिटीवाले म्हणाले. "हिच्या भरवशावर आपण बाईचं नाव फळ्यावर लिवणार हुतो."

"अवो, आठवीतली पोर. तिला काय इचारता?"

"तुम्हीच उभं केलासा तिला फळ्यापाशी," दुसरे आबांना म्हणाले.

आबांचे कान लाल झाले होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांच्याकडे पाहू शकले नाही. माझे डोळे भरून आले होते, आणि ते लाजेने आलेत असं सगळ्यांना वाटलं. तसं वाटलेलं बरंच होतं. त्यात थोडी लाज होतीही.

"पण फॅट उतरलीया, ती?" चेअरमन अजून सोडत नव्हते.

"फॅट वैरणीनं पण उतरती," पहिले कमिटीवाले म्हणाले. "लॅक्टोमीटर न्हाई, गणित न्हाई, मग पुरावा काय? येऊ दे लॅक्टोमीटर. तवर बाईंचं दूध घ्या."

तेवढ्यात शेजारच्याच चेअरमनच्या घरातून चहा आला. इंदाक्का स्वतः ताटात कप घेऊन दारात उभ्या होत्या. किती वेळ उभ्या होत्या ते मला माहीत नाही. त्यांनी कमिटीला चहा दिला, आबांना दिला. हौसाक्कांच्या समोरून त्या न थांबता पुढे गेल्या. मग माझ्यापाशी आल्या आणि एक कप माझ्या हातात ठेवला. आमच्याकडे पोरांना कमिटीचा चहा कुणी देत नसे. त्यात चहा नावापुरताच होता, सगळं दूध होतं, वर साय.

"गरम हाय," त्या म्हणाल्या. "सावकाश पी."

नवा लॅक्टोमीटर सोमवारी आला. मंगळवारी हौसाक्कांच्या दुधात तो सोडला तेव्हा आबा खाली वाकून बराच वेळ बघत राहिले. एकोणतीस. लिटरभर पाणी असतं तर तो पंचविशीच्याही खाली गेला असता. मग फॅट काढली, ती पुन्हा पाच पॉइंट सहा. हे दोन आकडे एका ओळीत आले की आत काय आहे, हे ओळखायला आबांना समीकरण लागत नव्हतं. पंधरा वर्षं ते हेच करत होते.

"पाणी न्हाई," ते रांगेला ऐकू जाईल असं म्हणाले, आणि दोन्ही आकडे वहीत लिहून पुढच्याची किटली ओढली.

पुढचे दोन आठवडे हौसाक्कांचं दूध पाच लिटर येत राहिलं. मी शाळेत मात्र मागे पडल्यासारखी झाले. वर्गातली मुलं मला फळ्यापाशी जाताना "गुणाकार बघ गं" म्हणायची. चौगुले बाईंनी एकदा विचारलं, "त्या उदाहरणाचं पुढे काय झालं?" मी म्हटलं, "विचारलं बाई. पण उत्तर सांगायचं नाही असं ठरलं." त्यांनी मान हलवली आणि दुसरं उदाहरण फळ्यावर घातलं.

मार्चच्या शेवटच्या दिवशी आबा संध्याकाळी घरी आले ते हौसाक्कांचं कार्ड घेऊन. नवं कोरं, नाव त्यांचं, खाली चेअरमनची सही.

"जा, देऊन ये," ते मला म्हणाले.

मी कार्ड घेतलं, पण जागची हलले नाही. आठवडे झाले, आम्ही त्या रविवारबद्दल एक शब्दही बोललो नव्हतो.

"आबा, त्या रविवारी मी तुम्हाला खाली बघायला लावलं."

"व्हय. लावलंस."

"तुम्हाला राग आला नाही?"

त्यांनी टोपी काढून खुंटीला लावली.

"तू बोलत हुतीस तवाच मी मनात गुणाकार केला," ते म्हणाले. "सात पाचे पस्तीस. पाच पॉइंट सहा गुणिले पाच, अठ्ठावीस. तुझा एकही आकडा चुकला नव्हता."

"मग तिथं का बोलला नाही?"

"सात पाचे चुकणारी पोर न्हवं माझी. ती चार माणसांत येत न्हाई म्हणाली, म्हंजे तिला आणखी कायतरी येत असणार." त्यांनी पाण्याचा तांब्या उचलला. "जा आता. आक्का वाट बघत असतील."